डोयात तेल घालून

(दहावी १९८४ तुकडीच्या स्नेहमेळाव्यात, शाळेच्या पटांगणात केलेले भाषण)

मला शिकवलेले आणि मी सतावलेले माझे सर्व गुरुजन, आणि चाळीस वर्षांनी एकमेकांना ओळखू यावे म्हणून छातीवर नावाची चिठ्ठी लावून बसलेल्या माझ्या मित्रमैत्रिणींनो,

निवेदनात माझी ओळख 'छोट्या पडद्यावरचे लोकप्रिय कलावंत' अशी करून देण्यात आली. ऐकायला बरे वाटले. पण आज सकाळी अकोला स्टेशनवर उतरलो तेव्हा ऑटोवाल्याने दोनदा वळून पाहिले आणि विचारले, "तुमी त्या शिरियलमदले पोरीचे बाप हाये ना?" मी हो म्हणालो. त्याने ऑटो बाजूला घेऊन माझ्यासोबत फोटो काढला आणि उतरताना वीस रुपये जास्तच घेतले. माझी लोकप्रियता साधारण एवढी आहे.

आयोजकांनी विषय दिला, 'रंगभूमी ते टीव्ही: माझा प्रवास'. अमरावतीची रंगभूमी, मुंबईचा टीव्ही, मधली धडपड, असे काहीतरी तुम्हाला ऐकायचे असणार. ते सांगतोच. पण हा प्रवास जिथून सुरू झाला ती जागा इथून पंधरा-वीस पावलांवर आहे, आणि तिथे काय झाले ते मी आजवर एकाही मुलाखतीत सांगितलेले नाही. आधी तेच सांगतो.

आपल्या दहावीच्या वर्षीचे स्नेहसंमेलन आठवा. १९८४चा जानेवारी. बाके जोडून, वर सतरंज्या टाकून स्टेज बांधले होते. मंडपवाल्याने पडदे दिले होते, ते ओढायला दोन्ही बाजूंना नववीची दोन पोरे. नाटुकले होते किल्ल्यावरचे. त्यात किल्लेदाराचे काम आपल्या वर्गातल्या ज्याला मिळाले होते तो बोरगाव मंजूकडच्या खेड्यातून एसटीने शाळेत यायचा. नाव घेत नाही, तो आज इथे बसला आहे आणि त्याला ते आवडणार नाही. आवाज असा होता की मैदानाच्या टोकाला भेळवाल्यापर्यंत पोचायचा. उंची होती, छाती होती. सरांनी त्याला निवडले त्यात काही चूक नव्हती.

किल्लेदाराचे पहिलेच वाक्य होते, "गड्यांनो, डोळ्यांत तेल घालून पहारा करा." आणि तो म्हणायचा, "गड्याहो, डोयात तेल घालून पाहारा करजा."

सगळे हसायचे. सर त्याला थांबवून सांगायचे, 'डोळ्यांत' म्हण. तो मान हलवायचा, श्वास घ्यायचा आणि पुन्हा "डोयात". मी त्या नाटकात प्रॉम्प्टर होतो. वही हातात धरून सगळ्यांत मोठ्याने मीच हसायचो. मधल्या सुटीत नळापाशी उभा राहून त्याची नक्कल करायचो. तुमच्यापैकी पुष्कळांनी ती पाहिली आहे, आज सकाळीच दोघांनी आठवण करून दिली. संमेलनाच्या आठ दिवस आधी मी एकटा सरांकडे गेलो आणि म्हणालो, "सर, प्रमुख पाहुणे हसतील. मला सगळं पाठ आहे. मी करतो."

सरांना दोष देत नाही. बोली म्हणजे चूक आणि चूक म्हणजे तांबडी शाई, हे तेव्हा सगळ्यांनीच धरून चालले होते. त्यांनी थोडा वेळ विचार केला आणि काम मला दिले. तो झाला भालेदार. भाला धरून मागे उभे राहायचे, एकही वाक्य नाही. संमेलनात मला उत्कृष्ट अभिनयाचे बक्षीस मिळाले, स्टीलचा डबा. तो विंगेत टाळ्या वाजवत होता. मी नट झालो तो असा.

आणि गंमत पाहा, माझ्या घरात काय वेगळे बोलत होते? माझी आई जन्मभर डोळ्यांना डोये आणि काळ्याला कायाच म्हणाली. मलाही तेच येत होते. फक्त मी रेडिओवरच्या बातम्या ऐकून ऐकून, आरशासमोर उभा राहून जिभेला वळण लावून घेतले होते. शाळेत एक भाषा आणि घरी एक भाषा. पुढे पुढे घरीही शाळेचीच बोलू लागलो. आई म्हणायची, "आमचा बावा पुण्याचा झाला."

त्यानंतरचे लवकर सांगतो. अकोल्यातच कॉलेज झाले. अमरावती विद्यापीठ १९८३ साली नुकतेच सुरू झाले होते, त्याच्या युवा महोत्सवात एकांकिका केल्या. १९९० साली अमरावतीला सरकारी खात्यात कारकून म्हणून लागलो आणि पुढची एकवीस वर्षे सकाळी टेबलावर फायली आणि रात्री तालीम.

हौशी नाटक म्हणजे काय असते ते इथल्या काही जणांना ठाऊक आहे. कुणी बँकेत रोखपाल, कुणी मेडिकलच्या दुकानात, कुणी मास्तर. आठ वाजता जेवून एखाद्या शाळेच्या वर्गात जमायचे. बाके बाजूला सारायची, खडूने जमिनीवर दार आणि खिडकी आखायची. ज्या दिवशी सगळी पात्रे हजर असतील तो दिवस सणाचा. बाई नट मिळणे सगळ्यांत अवघड. मिळाली तर तिच्या सासूची परवानगी, मग तिला रात्री अकराला घरी सोडायला दोन माणसे. राज्य नाट्य स्पर्धा जवळ आली की नेपथ्याचे फ्लॅट रंगवायचे, ते टेम्पोत उभे करून आम्हीच मागून हात लावून धरायचे. सकाळी हॉलवर पोचायचे, दिवसभर ठोकाठोक आणि प्रकाशयोजना, रात्री प्रयोग, आणि प्रयोग संपल्या संपल्या सगळे उचलायचे, कारण दुसऱ्या दिवशी दुसरा संघ यायचा. मग बारा वाजता गिला वडा खात रस्त्यावर उभे राहून कोण कुठे चुकले याची भांडणे. पैसा कुणालाच मिळत नव्हता. उलट दर वर्षी वर्गणी. माझ्या बायकोने माझ्या भविष्य निर्वाह निधीतल्या उचलीवर कधी बोट ठेवले नाही, याचे मला आता जास्त आश्चर्य वाटते.

अमरावतीला नाटक आजचे नाही. 'राक्षसी महत्त्वाकांक्षा' आणि 'रणदुंदुभी' लिहिणारे वीर वामनराव जोशी अमरावतीचे. 'रणदुंदुभी' मास्टर दीनानाथांच्या बळवंत संगीत मंडळीने केले. पाहा, नाटककार आपला आणि कंपनी तिकडची, हे तेव्हापासून चालत आले आहे. आपल्याकडे नट कमी नव्हते. नटाला पोट भरता येईल असा धंदा आपल्याकडे नव्हता, तो मुंबई-पुण्याला होता. पूर्व विदर्भात झाडीपट्टीची तिकिटावर चालणारी नाटके आहेत, दिवाळीनंतर तिथे नटाला काम असते. आपल्या वऱ्हाडात तेही नाही. आपल्याकडे स्पर्धा, आणि स्पर्धेचे प्रमाणपत्र.

आम्ही सगळ्यांत जास्त वेळा कुठले नाटक केले असेल तर महेश एलकुंचवारांचे 'वाडा चिरेबंदी'. एलकुंचवार आपल्या बाजूचेच, यवतमाळ जिल्ह्यातल्या पारव्याचे. १९८५ साली विजया मेहतांनी ते मुंबईत केले आणि विदर्भातल्या खेड्यातला पडका वाडा साऱ्या महाराष्ट्राने पाहिला. आम्ही ते अमरावतीत बसवले तेव्हा मला वाटले होते, थोरल्या भास्करचे काम मला मिळेल. दिग्दर्शक म्हणाले, "तू सुधीर कर. तुझी भाषा मुंबईची वाटते." सुधीर म्हणजे मुंबईला गेलेला धाकटा. बाप वारल्यावर गावाकडे येतो. येतो तेव्हा उशीर झालेला असतो. अंगणात गंजत पडलेला ट्रॅक्टर, आत आई, घरात कुणाचे कुणाशी धड नाही, आणि हा मधे पाहुण्यासारखा. मी तीन वेगवेगळ्या संघांतून सुधीर केला. एकदा अभिनयाचे रौप्यपदकही मिळाले. परीक्षकांनी शेरा दिला, 'उच्चार स्वच्छ'. मी तो शेरा पुष्कळ दिवस पाकिटात ठेवला होता.

२०११ साली स्वेच्छानिवृत्ती घेऊन मुंबईला गेलो. वय त्रेचाळीस. लोक म्हणाले, काय हिंमत. हिंमत माझी नव्हती. बायको शिक्षिका होती, तिचा पगार चालू होता, म्हणून मी जाऊ शकलो. ज्या घरात दुसरा पगार नाही त्या घरातला नट अमरावतीतच राहतो, त्याच्या अंगात माझ्यापेक्षा दुप्पट अभिनय असला तरी. असे निदान चार जण मला माहीत आहेत. 'माझा प्रवास' म्हणून बोलताना तेही मोजले पाहिजेत.

दहिसरला एका खोलीत तिघे राहत होतो. पहिले काम पोलीस हवालदाराचे, एक दिवसाचे, तीन वाक्ये. मी पहिले वाक्य म्हणालो आणि आवाजाच्या माणसाने कानावरचे काढूनच ठेवले. दिग्दर्शक माझ्या मुलाच्या वयाचा. म्हणाला, "काका, एवढ्या जोरात नको, तुमच्या शर्टात माइक आहे." एकवीस वर्षे मी शेवटच्या रांगेसाठी बोलत आलो होतो. तिथे शेवटची रांग नव्हतीच. नाटकात डोळा मिटायचा तर अख्ख्या अंगाने मिटावा लागतो, कॅमेऱ्यापुढे तेच केले की माणूस झटका आल्यासारखा दिसतो. हे शिकायला मला दीड वर्ष लागले. संवाद मेकअपच्या खुर्चीत असताना मोबाइलवर येतात. तालीम नाही. प्रवेश सलग नाही, आधी रडायचे आणि मग दोन दिवसांनी रडण्याचे कारण चित्रित करायचे. बारा तासांची शिफ्ट, त्यात तुमचे काम चाळीस मिनिटांचे, बाकी वेळ मढच्या एखाद्या बंगल्याच्या मागे प्लास्टिकच्या खुर्चीवर. पैसे नव्वद दिवसांनी. गुरुवारी टीआरपीचे आकडे आले की आपले पात्र जगणार की परगावी जाणार हे कळते.

मी डॉक्टर फार वेळा झालो. 'उच्चार स्वच्छ', त्यामुळे डॉक्टर, न्यायाधीश, मुलीकडचे पाहुणे. सात मालिकांत डॉक्टर झालो आणि माझा एकही पेशंट वाचला नाही.

आणि मग २०१४चा ऑगस्ट. झी मराठीवर 'चला हवा येऊ द्या' सुरू झाले. निलेश साबळे, भाऊ कदम, कुशल बद्रिके, सागर कारंडे, श्रेया बुगडे, आणि त्यांच्यात भारत गणेशपुरे. आपल्या अमरावतीचे. त्याआधी त्यांना 'फू बाई फू'मध्ये पाहिले होते, २००९च्या 'निशाणी डावा अंगठा' चित्रपटातही ते होते. नाटकातून आलेला माणूस, आणि टीव्हीवर महाराष्ट्राने ओळखायला लागेपर्यंत वय चाळिशीच्या पुढे गेलेले. आम्ही तिघे दहिसरच्या खोलीत जेवत जेवत पाहत होतो. एक सांगलीचा, एक रत्नागिरीचा. गणेशपुरे बोलू लागले आणि ते दोघे लोळायला लागले. मला घास गिळेना.

खरे सांगायचे तर पहिली गोष्ट वाटली ती असूया. मी जे तीस वर्षे खरवडून काढले होते, त्यावर हा माणूस उभा होता. 'करून राहिलो', 'मले', 'तुले', सगळे तसेच्या तसे. लाज नाही, माफी नाही. नंतर रोज पाहू लागलो आणि नट म्हणून काही गोष्टी दिसल्या. ते बोलीला ढकलत नाहीत. आवाज चढवत नाहीत. चेहरा कोरा ठेवून, वाक्य संथपणे, ओढत नेतात आणि हसू येते ते त्या माणसाच्या शांतपणाचे. पारावर बसलेला आपला एखादा काका कसा, समोर आग लागली तरी आधी चुना लावून घेतो आणि मग म्हणतो, "पेटलं वाटते." तो ठेका त्यांनी टीव्हीवर नेला. शब्द कुणीही पाठ करील, ठेका पाठ करता येत नाही.

मालवणीला १९८०मध्ये 'वस्त्रहरण' मिळाले, मच्छिंद्र कांबळींनी ती बोली लंडनपर्यंत नेली. मराठवाड्याला प्राध्यापक लक्ष्मण देशपांडे मिळाले, मग मकरंद अनासपुरे. देशपांड्यांच्या 'वऱ्हाड निघालंय लंडनला'ने आमची मात्र पंचाईत केली. मुंबईत मी वऱ्हाडचा म्हटले की अजूनही लोक म्हणतात, "हो हो, वऱ्हाड निघालंय लंडनला!" अरे बाबा, ते लग्नाचे वऱ्हाड, आणि ती बोली मराठवाड्याची. हे मी इतक्या वेळा समजावले आहे की आता नुसते हसतो. आपल्याला आपला माणूस टीव्हीवर दिसायला २०१४ यावे लागले, हे मला सांगायचे आहे.

तरी एक कुरकुर आहे, ती आपल्यातच करतो. मालिकेत वऱ्हाडी माणूस आला की तो एकतर हसवतो, नाहीतर कर्जापायी गळ्यात दोर अडकवतो. तिसरे काम नाही. माझ्या सात डॉक्टरांतला एकही वऱ्हाडी बोलला नाही. आणि इथे अकोल्यात दवाखान्यात जा, मोठमोठे डॉक्टर पेशंटला विचारतात, "काय होऊन राह्यलं?" पेशंटला बरे वाटते ते तिथपासूनच. आपली बोली हसण्याची नि रडण्याची, आणि अकलेची भाषा दुसरी, हे कुणी ठरवले? इथून पुढे मोर्शीकडे गेले की रिद्धपूर लागते. तेराव्या शतकात म्हाइंभटांनी 'लीळाचरित्र' तिथे सिद्ध केले, मराठी गद्याचा पहिला मोठा ग्रंथ. संस्कृतात लिहू नका, त्याने माझ्या म्हाताऱ्या नागवल्या जातील, असे नागदेवाचार्यांनी शिष्याला बजावल्याचे महानुभाव परंपरा सांगते. आता तिथे मराठी भाषा विद्यापीठही झाले. शाळेत आपल्याला हे कुणी जोडून दाखवले असते, तर कदाचित मी त्या दिवशी सरांकडे गेलो नसतो. कदाचित गेलोही असतो. स्टीलचा डबा हवाच होता.

तर २०१७ साली मला एक फोन आला. "काका, तुम्ही विदर्भातले ना? वऱ्हाडी येते ना?" 'चला हवा येऊ द्या' घरोघरी पोचले होते, आता मालिकांनाही वऱ्हाडी माणूस हवा होता. मी म्हणालो, येते म्हणजे काय, मातृभाषा आहे. ऑडिशनला उभा राहिलो, तोंड उघडले, आणि बाहेर आली ती नक्कल. नळापाशी उभा राहून केलेली, तीच. एवढ्या वर्षांत माझ्याकडे आपल्या बोलीची तेवढी एकच प्रत शिल्लक राहिली होती, दुसऱ्याला हसण्यासाठी काढलेली. समोरच्यांना फरक कळला नाही. काम मिळाले. मला मात्र रात्रभर झोप नाही.

संवाद आले. लेखक मुलगा हुशार, पण त्याने प्रत्येक वाक्याला 'राहिलो' आणि 'काहून' शिंपडले होते, वरून कोथिंबीर टाकल्यासारखे. मला चूक आहे हे कळत होते, बरोबर काय ते सुचत नव्हते. आई २०१२ साली गेली होती. तिला विचारता आले असते. रात्री साडेदहाला मी फोन लावला तो या आपल्या किल्लेदाराला. दहावीच्या ग्रुपवर त्याचा नंबर होता. शेती करतो, सोयाबीन आणि कापूस. बोललो त्याला किती वर्षे झाली होती मोजली नाहीत.

मी वाचून दाखवले, "मी येऊन राहिलो आहे."

तिकडून म्हणाला, "काय बे, 'राहिलो'च्या मांगं 'आहे' कायले लावलं? मी येऊन राह्यलो. झालं. संपलं."

तिथून रोजचे झाले. मी रात्री संवाद वाचायचो, तो दुरुस्त करायचा. कधी शेतात पाणी द्यायला गेलेला असायचा, रात्रीची लाइन असली की मोटर चालू करून बांधावर बसून बोलायचा. मागे पाण्याचा आवाज. "असं नाई म्हनत बावा, बाप पोरीले असं नाई म्हनत." एकदा एक मोठा प्रवेश होता. मुलगी माहेरपण संपवून सासरी निघते आणि बाप दारात उभा आहे. कागदावर आठ ओळी होत्या, काळजाचा तुकडा वगैरे. तो सगळे ऐकून घेऊन गप्प झाला. मग म्हणाला, "एवढं बोलते काय कोनी? मानूस म्हनते, हयू जाजो. पोचली का फोन करजो. अन् येजो." हयू म्हणजे हळू.

मी फोन ठेवला आणि बराच वेळ तसाच बसलो. अमरावतीच्या एसटीत बसायला निघालो की आई दारात उभी राहून हेच म्हणायची, "येजो." प्रमाण मराठीत 'ये' आहे, 'येत जा' आहे, 'येशील' आहे. 'येजो' यातले काहीच नाही. आत्ता नको, तुझ्या सोयीने, पण ये. मी वाट पाहीन, पण ते बोलणार नाही. एवढे दोन अक्षरांत. आणि मी तिला उत्तर द्यायचो, "येईन हं."

सेटवर मी आठ ओळी गाळल्या आणि ही तीन वाक्ये म्हणालो. दिग्दर्शकाने विचारले, 'येजो' म्हणजे काय? मी सांगितले. तो म्हणाला, राहू द्या. तो भाग लागला त्या रात्री मला वाशीमपासून वरुडपर्यंतच्या अनोळखी माणसांचे फोन आले. आज सकाळचा ऑटोवाला त्यातलाच.

ते पात्र दोन वर्षे चालले. माझे जे काही नाव झाले ते त्या पात्रामुळे. त्याचे पैसे मला मिळाले, त्याचा चेहरा माझा होता. बोलत होता तो दुसराच. मी एकदा त्याला म्हणालो, निर्मात्यांना सांगून तुझे नाव पडद्यावर टाकायला लावतो, थोडे मानधनही. तो म्हणाला, "मले कायले? तूच कमाव." आणि मीही फार ताणून धरले नाही. हे आणखी एक.

दोन वर्षे जवळजवळ रोज बोललो, पण १९८४च्या त्या गोष्टीचा त्याने कधी उल्लेख केला नाही. मीही केला नाही. परवा मेळाव्याचे निमंत्रण आले तेव्हा मी त्याला फोन करून म्हटले, मी भाषणात ते सांगणार आहे. तो म्हणाला, "कोनतं बे?" मी सांगितले. थोडा वेळ फोनवर काहीच नाही. मग म्हणाला, "मले वाटलं सरायनंच काढलं."

चाळीस वर्षे त्याला वाटत होते की सरांनी काढले. सर आज व्यासपीठावर आहेत, काठी टेकत आले आहेत. सर, ते मी केले होते. आणि तो चौथ्या रांगेत, खांबाला टेकून बसला आहे. पुढे बस म्हटले तर ऐकत नाही. त्याची माफी मी फोनवर मागितली, तेव्हा त्याने विषय बदलून तुरीचा भाव सांगायला सुरुवात केली. म्हणून इथे मागतो, सगळ्यांसमोर, कारण हसलो होतो तेही सगळ्यांसमोरच.

मला वीस मिनिटे दिली होती, ती केव्हाच संपली. यानंतर गाण्याचा कार्यक्रम आहे हे माहीत आहे, आणि मागे वांग्याची भाजी आणि रोडगे तयार आहेत हेही वासावरून कळते आहे. तरी आयोजकांना विनंती आहे, त्याआधी पाच मिनिटे त्याला द्या. किल्लेदाराचा पहिला प्रवेश त्याला अजून पाठ आहे. काल रात्री फोनवर मी विचारले तेव्हा त्याने म्हणून दाखवला, अख्खा, एकही शब्द न चुकता. प्रॉम्प्टिंगला मी विंगेत उभा राहतो. ये रे, वर ये. भाला खालीच ठेव.